झाडाची तहान



आपल्या पूर्वजांनी झाडाला एक मोठा मार्मिक शब्द दिला आहे. तो शब्द म्हणजे पादप. पाद म्हणजे पाय आणि प म्हणजे पिणारा. जो पायाने पितो तो पादप. माणूस तोंडाने पितो, गुरेढोरे तोंडाने पितात, झाड मात्र मातीत रोवलेल्या पायांनी पिते. महाभारताच्या शांतिपर्वात भृगू आणि भरद्वाज यांचा एक संवाद आहे. झाडाला जीव आहे की नाही, अशी तिथे चर्चा चालली आहे. त्यात असा दृष्टांत येतो की, कमळाचा देठ तोंडाला लावून आपण जसे पाणी वर ओढून घ्यावे, तसे झाड वाऱ्याच्या साहाय्याने पायांनी पाणी ओढून घेते. हा दृष्टांत किती नेमका आहे, ते पुढे आपल्याला दिसेलच.

पण आज हा विषय घेतला तो केवळ शब्दाच्या गोडीसाठी नव्हे. आपल्या हिंगोली जिल्ह्यात, सेनगावच्या माळापासून वसमतच्या काळ्या रानापर्यंत, पावसाळ्यात एक चमत्कारिक देखावा दिसतो. पावसाने दोन-तीन आठवडे ओढ दिलेली असते. मग एके रात्री धो धो पाऊस कोसळतो, रान तुडुंब होते, दुसऱ्या दिवशी लख्ख ऊन पडते, आणि काल टवटवीत असलेली कपाशीची झाडे आज मान टाकतात. पानं लोंबतात, पात्या-फुलं गळतात. शेतात नवखा माणूस असेल तर तो म्हणतो, "झाड सुकलं, म्हणजे पाणी कमी पडलं," आणि मोटार चालू करतो. इथेच घात होतो. पायाखाली पाणी साचलेले आणि झाड तहानेने मरते आहे, हे कोडे काय आहे? ते उलगडायचे तर झाड पाणी घेते कसे, वापरते कसे आणि सोडते कसे, हे तिन्ही पाहावे लागेल.

आधी पाणी घेण्याविषयी. आपण म्हणतो, मूळ पाणी पिते. पण सगळे मूळ पाणी पीत नाही. जाड, तपकिरी, जुने मूळ हे मुख्यतः झाडाला धरून ठेवते आणि पाणी पुढे वाहून नेते. पिण्याचे खरे काम चालते ते कोवळ्या टोकांच्या थोडे मागे. तिथे डोळ्याला जेमतेम दिसेल अशी बारीक लव असते. तिला मूलरोम म्हणतात. हे मूलरोम मातीच्या कणाकणांत शिरून तिथला ओलावा शोषतात. त्यांचे आयुष्य मोठे नसते. मूळ पुढे वाढते, नवे रोम येतात, जुने झडतात. मिरचीचे किंवा वांग्याचे रोप उपटून दुसरीकडे लावले की ते दिवसभर मान टाकून का बसते, ते आता कळेल. रोप उपटताना हे नाजूक रोम तुटलेले असतात. म्हणून रोप मातीसकट उचलावे आणि लावणी उन्हं कलल्यावर करावी, हा जुना रिवाज अगदी शास्त्रशुद्ध आहे.

आता मूलरोमात पाणी शिरते कसे? त्यासाठी माजघरात चला. वाटीभर पाण्यात मनुका टाका. सकाळपर्यंत त्या टम्म फुगतात. उलट, लोणच्यासाठी कैरीच्या फोडींना मीठ लावा. थोड्या वेळात फोडींना पाणी सुटते. दोन्हीकडे नियम एकच आहे. पातळ पडद्याच्या एका बाजूला क्षार-साखर जास्त आणि दुसऱ्या बाजूला कमी असेल, तर पाणी कमीकडून जास्तीकडे जाते. मुळाच्या पेशीतला रस मातीतल्या पाण्यापेक्षा दाट असतो, म्हणून पाणी आत येते. पण पीक कोरड्या रानात असताना बुंध्याशी मूठभर खत टाकले, तर मातीतले पाणीच अधिक दाट होते आणि मुळाची गत कैरीच्या फोडीसारखी होते. "खताने पीक जळालं" असे आपण म्हणतो. खरे पाहता ते जळत नाही, तहानेने सुकते.

दुसरी गोष्ट अशी की, मातीत पाणी असणे आणि ते झाडाला मिळणे, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. आपली काळी माती दख्खनच्या काळ्या पाषाणापासून झालेली आहे. तिचे कण अतिशय बारीक, त्यामुळे ती पुष्कळ पाणी धरते. एक मीटर खोल चांगल्या काळ्या जमिनीत पिकाला उपयोगी पडेल असे साधारण दीडशे ते दोनशे मिलिमीटर पाणी साठते. पण हीच माती सावकारासारखी आहे. ठेव भरपूर ठेवते, पण शेवटचा हिस्सा काही केल्या सोडत नाही. भारी काळ्या रानात वजनाच्या शेकडा वीसच्या आसपास ओल शिल्लक असतानाही पीक वाळू शकते, कारण ती ओल मातीने इतकी घट्ट धरलेली असते की मुळाला ओढवत नाही. उलट, माळावरच्या वीतभर खोल मुरमाड जमिनीत साठाच तीस-चाळीस मिलिमीटरचा असतो.

हा हिशेब थोडा पुढे नेऊ. एक मिलिमीटर पाऊस म्हणजे एका एकरावर सुमारे चार हजार लिटर पाणी. भर वाढीतले, रान झाकलेले पीक उन्हाच्या दिवशी चार-पाच मिलिमीटर पाणी उडवते. म्हणजे एकरी सोळा ते वीस हजार लिटर. दहा हजार लिटरचे दोन टँकर रोज! ते दिसत नाहीत, कारण ते वाफेच्या रूपाने जातात. म्हणून पावसाने दहा दिवस ओढ दिली की माळावरचे सोयाबीन तांबडे पडते आणि कायाधूच्या काठचे भारी रान महिनाभर तग धरते. दोघांवर पाऊस एकच पडला, पण पेव लहान-मोठे होते.

आता पाणी वर कसे चढते, ते पाहू. हा प्रश्न मोठमोठ्या शास्त्रज्ञांना पडला होता. तुम्हाला विहिरीवरच्या मोटारीचा अनुभव आहे. मोटार पाण्यापासून फार वर असेल तर ती पाणी ओढत नाही. तिला खाली उतरवावी लागते. कारण नुसत्या ओढीने पाणी तेहतीस फुटांपेक्षा वर चढवता येत नाही, आणि प्रत्यक्षात तर त्याहून कमीच चढते. मग साठ-सत्तर फूट उंचीच्या पिंपळाच्या शेंड्याला पाणी कोण पोचवते? तिथे कुठली मोटार बसवली आहे?

इंग्लंडात स्टीफन हेल्स नावाचे एक धर्मोपदेशक होऊन गेले. त्यांनी सूर्यफुलाचे झाड कुंडीत लावून, कुंडीचे तोंड बंद करून, ते रोज तराजूत तोलले. दिवसभरात ते झाड सरासरी वीस औंस, म्हणजे अर्ध्या लिटरहून थोडे अधिक पाणी हवेत सोडते, असे त्यांना आढळले. हे प्रयोग त्यांनी १७२७ साली पुस्तकरूपाने प्रसिद्ध केले. पाण्याची ओढ पानातून सुरू होते, असा सुगावा तिथे लागला. पुढे एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस स्ट्रासबुर्गर या शास्त्रज्ञाने वीस मीटरहून उंच झाड बुंध्याशी कापून विषारी द्रावणात उभे केले. विषाने खोडातल्या जिवंत पेशी मेल्या, तरी द्रावण वर चढतच राहिले. १८९४ मध्ये डिक्सन आणि जोली या दोघांनी त्याचा उलगडा मांडला. आपले जगदीशचंद्र बोस यांचे मत वेगळे होते. झाडातल्या पेशी हृदयासारखी स्पंदने करून रस वर चढवतात, असे त्यांनी १९२३ च्या ग्रंथात प्रतिपादन केले. पुढच्या प्रयोगांनी कौल डिक्सन आणि जोली यांच्या बाजूने दिला. पण वनस्पतीकडे सजीव म्हणून पाहायला आणि तिची बारीकशी हालचाल मोजायला बोसांनी शिकवले, ते ऋण कायम आहे.

तो उलगडा असा. खोडात केसाहून बारीक नळ्या असतात. मुळापासून पानाच्या शिरेपर्यंत त्या सलग जातात. त्यांत पाणी अखंड दोऱ्यासारखे भरलेले असते. पाण्याचे कण एकमेकांना विलक्षण घट्ट धरतात. पानातून एक कण वाफ होऊन गेला की तो मागच्याला ओढतो, मागचा त्याच्या मागच्याला, आणि ही ओढ थेट मुळापर्यंत पोचते. दिंडीत हातात हात धरून माणसे चालावीत, तसे. ही ओढ उन्हाच्या ऊर्जेवर चालते, झाडाला त्यासाठी पदरचे फारसे काही खर्चावे लागत नाही. कमळाच्या देठाने पाणी वर ओढण्याचा तो प्राचीन दृष्टांत आठवा. ओढणारे तोंड वर आहे, ही खूण त्यात बरोबर पटवली होती.

पण हा दोरा तुटूही शकतो. ओढ फार झाली आणि खालून पाणी येईना, की नळीत हवेचा बुडबुडा शिरतो. आपल्या भाषेत सांगायचे तर "मोटारीने हवा धरली." मग ती नळी निकामी होते. अशा पुष्कळ नळ्या निकामी झाल्या, तर नंतर कितीही पाणी द्या, फांदी हिरवी होत नाही. वेळेवर दिलेले एक पाणी नंतरच्या चार पाण्यांना भारी पडते, ते यामुळेही.

मुळाकडून वर ढकलण्याचा जोरही थोडा असतो, नाही असे नाही. पहाटे ज्वारीच्या, गवताच्या पात्याच्या टोकाशी टपोरा थेंब दिसतो. आपण सरसकट त्याला दव म्हणतो. दव हवेतून पानभर साचते. पण अगदी टोकावर किंवा कडेवर ओळीने थेंब असतील, तर ते बहुधा झाडाने आतून बाहेर सोडलेले पाणी असते. रात्री पानाची ओढ थांबलेली असते आणि मुळे भरपूर ओलीत असतात, तेव्हा हे घडते.

एवढे पाणी वर चढवून झाड त्याचे करते काय? घेतलेल्या शंभर लिटरांपैकी अठ्ठ्याण्णवच्या आसपास ते हवेत सोडून देते. उरलेल्या एक-दोन लिटरांतून त्याचा सारा संसार होतो. कोवळ्या पानाचे जवळजवळ ऐंशी-नव्वद टक्के वजन पाण्याचेच असते. पाण्याने पेशी फुगलेल्या असतात म्हणून पान ताठ राहते. सायकलच्या ट्यूबमध्ये हवा असते, तसे. शिवाय पान जे अन्न तयार करते, त्याचा कच्चा माल म्हणजे हवेतला कार्बन डायऑक्साइड आणि मुळाने आणलेले पाणी. आपण जो प्राणवायू घेतो तो झाडाने या पाण्याचीच फोड करून सोडलेला असतो.

मग बाकीचे अठ्ठ्याण्णव लिटर वाया गेले काय? नाही. ते पाणी मातीतली क्षारद्रव्ये पानापर्यंत वाहून आणते आणि पान थंड ठेवते. एक लिटर पाण्याची वाफ व्हायला जेवढी उष्णता लागते, तेवढ्यात सहा-सात लिटर पाणी गार असताना चुलीवर ठेवून उकळीला आणता येईल. ती सारी उष्णता झाड आपल्या अंगावरून काढून टाकते. झाड म्हणजे उन्हात उभा असलेला माठच. लिंबाखाली बसल्यावर पत्र्याच्या सावलीपेक्षा गार वाटते, ते त्यामुळे.

ही वाफ बाहेर पडते ती पानावरच्या अतिसूक्ष्म छिद्रांतून. त्यांना पर्णरंध्रे म्हणतात. बोटाच्या नखाएवढ्या तुकड्यावर ती हजारोंनी असतात आणि बहुतेक झाडांत पानाच्या खालच्या बाजूला अधिक असतात. प्रत्येक रंध्राला दोन पेशींचे जणू दोन ओठ असतात. त्या पेशींत पोटॅशियम आणि त्यामागोमाग पाणी भरले की ओठ उघडतात. पाणी कमी झाले की मिटतात. पण याच दारातून वाफ बाहेर जाते आणि याच दारातून अन्नासाठी लागणारा कार्बन डायऑक्साइड आत येतो. दार मिटले तर पाणी वाचते, पण चूल विझते. म्हणून सोयाबीन फुलोऱ्यात असताना पावसाने ओढ दिली, तर झाड मरत नाही, पण फुले आणि कोवळ्या शेंगा गाळते. रान हिरवे दिसते, खळ्यावर मात्र माप भरत नाही.

या कोंडीतून निरनिराळ्या झाडांनी निरनिराळ्या वाटा काढल्या आहेत. निवडुंग, घायपात दिवसा दार लावून घेतात आणि रात्रीच्या गारव्यात उघडतात. साग आणि पळस उन्हाळ्यात पानेच टाकून देतात. ज्वारी, मका, ऊस यांच्याकडे कार्बन डायऑक्साइड पटकन पकडण्याची खास रचना असते, म्हणून दार थोडेच उघडूनही त्यांचे भागते. अमेरिकेत ब्रिग्ज आणि शँट्झ यांनी १९१० नंतरच्या काळात याची मापे घेतली. एक किलो वाळलेला माल, म्हणजे धान्य, ताटे सारे मिळून, तयार करायला ज्वारीला तीनशे किलोच्या आसपास पाणी लागले, गव्हाला पाचशेच्या आणि लसूणघासाला आठशेच्या आसपास. तिकडच्या हवेतले हे आकडे इथे जसेच्या तसे लागू होणार नाहीत, पण क्रम तोच राहतो. रब्बीची ज्वारी नुसत्या ओलीवर का निघते, त्याचे इंगित यात आहे.

आता पहिल्या कोड्याकडे वळू. पाण्यात उभी असलेली कपाशी का सुकली? मुळांनाही श्वास घ्यावा लागतो. चांगल्या वाफशाच्या जमिनीत कणांच्या मधल्या पोकळ्यांत थोडे पाणी आणि थोडी हवा असते. रान चिबडले की सगळ्या पोकळ्या पाण्याने भरतात, हवा निघून जाते, मुळे गुदमरतात आणि पाणी आत घेण्याची त्यांची शक्ती मंदावते. वर मात्र कडक ऊन पडलेले, पानांतून टँकर चालूच. आवक बंद आणि खर्च चालू, अशा घराचे जे होते ते झाडाचे होते. शेतकी खात्याची मंडळी याला आकस्मिक मर म्हणतात. हा मुळात बुरशीचा रोग नव्हे. यावर आणखी पाणी देणे म्हणजे बुडत्याला पाणी पाजणे. इथे पहिला उपाय एकच, तो म्हणजे साचलेले पाणी चर काढून लगेच शेताबाहेर काढणे. झाडाच्या बुंध्याशी माती दाबून घ्यावी. पुढे काय आळवणी करायची, ती कळमनुरी तालुक्यात तोंडापूरला कृषी विज्ञान केंद्र आहे, परभणीला कृषी विद्यापीठ आहे, तिथे किंवा गावच्या सहायक कृषी अधिकाऱ्यांना त्याच दिवशी विचारावी. या कामात दोन दिवसांचा उशीरही महाग पडतो.

हळदीचेही तेच. वसमतच्या हळदीला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. आठ-नऊ महिने रानात राहणारे हे रुंद पानांचे पीक आहे. त्याला पाणी भरपूर लागते, म्हणून पाण्यात बुडवून ठेवावे, असा काहींचा समज असतो. पण कंदाला ओल हवी असते, चिखल नको असतो. चिखलात मुळे गुदमरली की कंदकुजीला आयते निमंत्रण मिळते. गादीवाफ्यावर लावून ठिबकने थोडे थोडे पाणी देणाऱ्याचा हेतू पाणी वाचवण्याचा असतो, तसाच मुळांना हवा मिळवून देण्याचाही असतो. सोयाबीन रुंद वरंब्यावर पेरून मध्ये सरी ठेवतात, त्यातही हाच विचार आहे. जादा पाऊस झाला तर सरी पाणी बाहेर काढते, ओढ दिली तर सरीत मुरलेले पाणी कामी येते.

तेव्हा सुकलेले पीक पाहून लगेच मोटारीचे बटण दाबू नका. तीन गोष्टी पाहा. दुपारी पान लोंबले आणि संध्याकाळी पुन्हा ताठ झाले, तर काळजी नाही. तो दुपारचा खर्च आवकेपेक्षा थोडा वाढला होता, इतकेच. पहाटे उजाडतानाही पान लोंबलेले असेल आणि वीतभर खोल उकरून माती कोरडी लागली, तर पीक खरेच तहानलेले आहे, पाणी द्या. आणि पहाटे पान लोंबलेले पण मातीचा गोळा हाताला चिकटतो आहे, तर दुखणे मुळाचे आहे, पाणी बंद करा. यासाठी कुठले यंत्र लागत नाही. सकाळी लवकर रानात जावे लागते आणि मूठभर माती उकरावी लागते.

कोरडवाहू रानात आणखी एक काम आपल्या हातात असते. कोळपणी म्हणजे अर्धे पाणी, असे जुने लोक म्हणत. कोळप्याने तण निघते, आणि तण म्हणजे आपल्या पेवाला लागलेली दुसऱ्याची नळीच. वरची माती भुसभुशीत झाली की भेगा बुजतात आणि खालची ओल उडत नाही. पालापाचोळा, सोयाबीनचे भुसकट पसरले तरी तोच गुण येतो. पानातून गेलेल्या पाण्याच्या मोबदल्यात पीक काही तरी देते, पण भेगेतून आणि तणातून गेलेले पाणी काहीच देत नाही.

शिक्षक मित्रांसाठी दोन शब्द. हा सगळा धडा शाळेच्या आवारात फुकट शिकवता येतो. लिंबाच्या पानांसकट फांदीला सकाळी पारदर्शक पिशवी घट्ट बांधा. दुपारपर्यंत मुलांना पिशवीत थेंब दिसतील. तेरड्याचे पांढरट खोड लाल शाईच्या पाण्यात ठेवा. नळ्यांतून चढणारा रंग डोळ्यांनी दिसेल. सारख्या आकाराची चार पाने घ्या. एकाच्या वरच्या बाजूला व्हॅसलीन लावा, दुसऱ्याच्या खालच्या, तिसऱ्याच्या दोन्ही बाजूंना, आणि चौथे तसेच ठेवा. देठाच्या टोकालाही व्हॅसलीन लावून चारही दोरीवर टांगा. कोणते आधी सुकते ते मुलांनाच पाहू द्या, आणि का, तेही आधी त्यांनाच सांगू द्या. बटाट्याची एक फोड साध्या पाण्यात आणि एक मिठाच्या पाण्यात ठेवून, दुसऱ्या दिवशी दोन्ही वाकवून पाहायला सांगा. ज्या मुलाने हे चार प्रयोग केले, तो उद्या शेतात उभा राहिला तर झाडाचे दुखणे ओळखेल, आणि घरी जाऊन वडिलांनाही दोन गोष्टी सांगेल.

आपल्या जिल्ह्यावर वर्षाला आठशे-नऊशे मिलिमीटरांच्या आसपास पाऊस पडतो. एकरी हिशेब केला तर तो बत्तीस लाख लिटरांच्या पुढे जातो. ईसापूर आणि सिद्धेश्वर धरणांचे पाणी सगळ्यांच्या बांधापर्यंत पोचत नाही, पण हा पाऊस सगळ्यांच्या रानावर पडतो. त्यातला किती मातीत मुरवायचा, किती पिकाच्या मुळांतून वर पाठवायचा आणि जादा झालेला कोणत्या चराने बाहेर काढायचा, हे ठरवणे पुष्कळसे आपल्याच हाती आहे. या हंगामात पेरणीआधी आपल्या रानाचा उतार एकदा पाहून ठेवा आणि पाणी साचते तिथे चर आखून घ्या. पाऊस कोसळल्यावर ते काम सुचत नाही आणि जमतही नाही.